रोडगे होईपर्यंत पाहुण्यांना काय द्याल?

थंडी पडली की वऱ्हाडात रोडग्यांच्या पंगती सुरू होतात. बहिरमच्या यात्रेत हंडीतले मटण आणि रोडगे खायला दुरून लोक जातात. कुणी नवसासाठी देवस्थानी रोडगे करतो, कुणी शेतात सोयरेधायरे बोलावतो. हे जेवण विस्तवावरचे, म्हणून सावकाशीचे. गोवऱ्यांचा निखारा व्हायला हवा, रोडगा आतपर्यंत भाजायला हवा, मग राख झटकून तुपात बुडवायचा. निमंत्रण बारा वाजताचे असले तरी पाने अडीच-तीनला पडतात, हे आपण सारेच जाणतो. माझा प्रश्न या मधल्या तीन तासांचा आहे.

या वेळात यजमान दोन टोके गाठतात. एक म्हणतो, "भूक राखून ठेवा." दुसरा शेव, फरसाण, गरम भजी आणि पुन्हा पुन्हा गोड चहा पुढे करतो. डॉक्टर या नात्याने मला दोन्ही पटत नाहीत. तळलेल्याने पोट आधीच भरते. त्यावर तूप ओतलेले रोडगे आणि झणझणीत रस्सा आला की रात्री छातीत जळजळ ठरलेली.

पण अधिक धोका रिकाम्या पोटाचा आहे. मधुमेहाचे रोगी आज घरोघरी आहेत. ग्लिमेपिराइडसारखी गोळी किंवा इन्सुलिन सकाळी घेतले आणि जेवण तीनला मिळाले, तर रक्तातली साखर एकदम खाली येऊ शकते. घाम फुटतो, हातपाय थरथरतात, डोळ्यांपुढे अंधारी येते, माणूस असंबद्ध बोलू लागतो. लोकांना वाटते, ऊन लागले किंवा जास्त झाली. उपाशीपोटी दारू घेतली असेल तर साखर आणखी घसरते. अशा वेळी रोगी शुद्धीवर असेल तर लगेच तीन-चार चहाचे चमचे साखर पाण्यात घालून पाजावी. पंधरा मिनिटांत बरे न वाटल्यास पुन्हा द्यावी आणि नंतर काही खायला घालावे. बेशुद्ध असेल तर तोंडात काहीही ओतू नये, थेट दवाखाना गाठावा.

मग द्यावे काय? शेतातच उत्तर आहे. ज्वारीचा हुरडा निघाला असेल तर तो भाजून जवसाच्या किंवा तिळाच्या चटणीबरोबर द्या. कपाशी-सोयाबीनपुढे ज्वारी मागे पडल्यामुळे हुरडा आता दुर्मिळ झाला आहे. तो नसेल तर तुरीच्या शेंगा थोड्या मिठात उकडा किंवा हरभऱ्याचे घाटे भाजा. यांत प्रथिने आहेत, चोथा आहे, आणि साखर हळूहळू चढते. सोबत गाजर, मुळा, पेरू ठेवा. वरूड-मोर्शीची संत्री आपल्या दारची आहेत. रस न काढता फोडी द्या. बारा वाजता वाटीभर, गरज पडल्यास दीडला पुन्हा थोडे, एवढे पुरे. मात्र हुरडा हेही धान्यच आहे. मधुमेह्याने मूठभर खावा आणि जेवताना एक रोडगा कमी घ्यावा.

काही पथ्ये यजमानाने पाळावीत. शेंगा आणि घाटे तोडण्यापूर्वी शेवटची फवारणी केव्हा झाली, हे शेतमालकाला विचारावे. औषधाच्या डब्यावर लिहिलेले दिवस उलटले नसतील तर त्यांना हात लावू नये. नुसते धुऊन सारे विष जात नाही. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन शेतकरी-शेतमजूर दगावले, हे आपण विसरता कामा नये. चार-पाच वर्षांखालील मुलांच्या हाती अख्खे शेंगदाणे, हरभरे किंवा बोरे देऊ नयेत. दाणा श्वासनलिकेत अडकून जीव जाऊ शकतो. पूर्णाकाठच्या खारपाणपट्ट्यात शेत असेल तर प्यायचे पाणी घरून न्यावे. रक्तदाबाच्या रोग्याला खारट पाणी आणि खारट फरसाण दोन्ही वाईट. दिवसभराचे सगळे मीठ मिळून पाच ग्रॅमच्या, म्हणजे एका लहान चमच्याच्या आत असावे, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते.

यावर कुणी म्हणेल, वर्षातून एकदा तर खायचे, त्यात डॉक्टरची लुडबूड कशाला? माझे रोडग्यांशी भांडण नाही. विस्तवावरचे ताजे अन्न, मोकळी हवा आणि चार माणसांची संगत हे सारे प्रकृतीला चांगलेच आहे. तूप बेताने घ्या, इतकेच म्हणेन. पण ज्याला आग्रहाने बोलावले, तो जेवणाआधीच आडवा झाला तर त्या आग्रहाला काय अर्थ? पाहुणा आला की त्याला साखरेची गोळी चालू आहे का, सकाळी काय खाल्ले, एवढे विचारा आणि भाजलेल्या घाट्यांची वाटी पुढे करा.