नाकारलेली खुर्ची

बँकेच्या नोकरीत मी बढती नाकारणारी बरीच माणसे पाहिली. कारणे ठरलेली असत. बढतीबरोबर बदली येणार, आणि नेमका मुलगा दहावीत, आईवडील थकलेले, नाहीतर घराचे कर्ज नुकतेच सुरू झालेले. संधी दारात आली आणि याने आतून कडी लावली, असे आम्ही कँटीनमध्ये म्हणत असू. त्या बोलण्यात थोडी कीव असे, थोडा आपल्या शहाणपणाचा अभिमान. निवृत्तीनंतर पाश्चात्त्य संगीत सवडीने ऐकू लागलो, तेव्हा एका जर्मन कलावंताची हकीकत वाचनात आली आणि ती सगळी माणसे पुन्हा आठवली.

त्याचे नाव कार्ल रिश्टर. हे नाव ऐकले की आपल्याला भूकंप मोजण्याचे माप आठवते. पण तो रिश्टर वेगळा. हा चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारा आणि गायकवृंदाचे संचालन करणारा. १५ ऑक्टोबर १९२६ रोजी सॅक्सनी प्रांतातल्या प्लाउएन गावी एका ल्यूथरपंथी धर्मोपदेशकाच्या घरी तो जन्मला. लहानपणीच ड्रेस्डेनच्या क्रॉइत्स चर्चच्या मुलांच्या गायकवृंदात दाखल झाला. हा वृंद सात शतकांहून जुना. रुडॉल्फ माउअर्सबर्गर हे तिथले गुरू. फेब्रुवारी १९४५ च्या बाँबवर्षावात ड्रेस्डेन जळाले, ते चर्चही जळाले. युद्ध संपल्यावर रिश्टर लाइप्झिगला गेला आणि कार्ल श्ट्राउबे व ग्युंथर रामीन या दोन थोर ऑर्गनवादकांकडे शिकला.

ऑर्गन हे वाद्य आपल्या पेटीचे आजोबा म्हणावे, तर आजोबांचा पसारा फार मोठा. दोन्ही हातांना एकावर एक अशा स्वरपट्ट्यांच्या रांगा, पायांसाठी लाकडी पट्ट्यांची वेगळी रांग, आणि मागे लहानमोठ्या हजारो नळ्या. कोणत्या नळ्यांत हवा सोडायची हे खुंट्या ओढून ठरवायचे. लाइप्झिगच्या सेंट थॉमस चर्चमधल्या मोठ्या ऑर्गनला १९०८ पासून अशा ८८ खुंट्या आहेत. म्हणजे वादकाचे हात-पाय वेगवेगळे बोलत असतात आणि डोके त्या सगळ्यांचा हिशेब ठेवत असते. शिवाय हे काम मैफलीचे नव्हे, नोकरीचे. दर रविवारची उपासना, लग्ने, अंत्यविधी, सण. ऐकणारे टाळ्या वाजवत नाहीत, प्रार्थना करून घरी जातात.

१९४९ मध्ये रिश्टर याच सेंट थॉमस चर्चचा ऑर्गनवादक झाला, तेव्हा त्याने तेविशीही नीट ओलांडली नव्हती. योहान सेबास्टियन बाख १७२३ पासून मरेपर्यंत, म्हणजे १७५० पर्यंत, इथेच संगीतप्रमुख होता. बाखच्या अस्थीही आता याच चर्चमध्ये आहेत. बाखच्या संगीतावर वाढलेल्या तरुणाला आणखी काय हवे? पण दोनच वर्षांनी, १९५१ मध्ये, रिश्टर पूर्व जर्मनीतले ते चर्च सोडून म्युनिकला गेला. म्युनिक पडले कॅथॉलिक बव्हेरियात. तिथल्या सेंट मार्क या ल्यूथरपंथी चर्चमध्ये त्याने काम धरले आणि संगीत महाविद्यालयात शिकवू लागला. तिथे त्याच्या हाती एक लहानसा गायकवृंद आला. पुढे त्याचेच नाव झाले म्युनिक बाख गायकवृंद. हे गायक हौशी होते. दिवसा आपापले व्यवसाय, संध्याकाळी तालीम.

मग १९५६ साल आले. फेब्रुवारीत रामीन वारले आणि सेंट थॉमसच्या संगीतप्रमुखाची जागा रिकामी झाली. ती रिश्टरला देऊ करण्यात आली. साक्षात बाखची खुर्ची! तिच्याबरोबर १२१२ सालापासून चालत आलेला मुलांचा गायकवृंद. रिश्टर तेव्हा तिशीचाही नव्हता. त्याने नकार दिला आणि तो आपल्या हौशी मंडळींकडे राहिला.

लाइप्झिगला त्याला शतकांनी घडवलेला वृंद मिळाला असता. म्युनिकला त्याने स्वतः घडवलेला होता. या दोन्हींत मोलाचे काय, याचे उत्तर दोनच वर्षांनी ऐकायला मिळाले. १९५८ मध्ये त्याने बाखच्या 'सेंट मॅथ्यू पॅशन'चे ध्वनिमुद्रण केले. येशूच्या अखेरच्या दिवसांची ही संगीतकथा. सुरुवातीला दोन गायकवृंद आणि दोन वाद्यवृंद एकमेकांना प्रश्न-उत्तरे करतात आणि त्या सर्वांच्या वरून मुलांचे कोवळे आवाज एक साधे स्तोत्र गात जातात. रिश्टर ते संथ, जड पावलांनी नेतो. प्रेतयात्रेमागून चालणाऱ्या गावाने चालावे तसे. मी ते प्रथम ऐकले तेव्हा जर्मनचा एक शब्द कळत नव्हता. तरी कोणाचे तरी जाणे या सगळ्यांना घरचे वाटते आहे, एवढे कळले. १९६१ मध्ये त्यांनी बी मायनर मास ध्वनिमुद्रित केला. १९६८ मध्ये ही मंडळी बाख घेऊन मॉस्को आणि लेनिनग्राडला गेली, अधिकृतपणे देव न मानणाऱ्या देशात; १९६९ मध्ये जपानला. रिश्टर बहुधा समोर कागद न ठेवता, स्मरणातून संचालन करी. गायकांना त्याचे डोळे दिसत.

इथेच गोष्ट संपली असती तर ती बोधकथा झाली असती. पण काळ बदलला. १९७१ पासून निकोलाउस हार्नोनकोर्ट आणि गुस्ताव लेओनहार्ट यांनी बाखच्या चर्चगीतांचे ध्वनिमुद्रण नव्या दृष्टीने प्रसिद्ध करायला सुरुवात केली. जुनी वाद्ये, आतड्याच्या तारा, मोजके गायक, चपळ लय. त्यांच्या बाजूला पुरावाही होता. बाखनेच १७३० मध्ये नगरपालिकेला दिलेल्या टिपणात लिहिले होते, की एका वृंदात किमान १२ आणि शक्यतो १६ गायक असावेत. हाताशी असलेल्या मुलांपैकी अवघी १७ कामाची आहेत, अशी तक्रारही त्यात होती. रिश्टरचा वृंद याच्या कितीतरी पट मोठा, वाद्ये आधुनिक. काल ज्याला बाखचा अधिकारी पुरुष मानत होते, तो आज जुन्या वळणाचा ठरू लागला.

टीकाकारांचे म्हणणे बहुतांशी बरोबर होते, हे मान्य केले पाहिजे. नव्या पद्धतीत बाखचे धागे वेगवेगळे, स्वच्छ ऐकू येतात. मलाही ते आवडतात. रिश्टरने मात्र आपली वाट सोडली नाही. १९७१ मध्ये त्याला हृदयविकाराचा झटका आला. पुढे डोळेही दगा देऊ लागले. १९७९ मध्ये त्याने 'सेंट मॅथ्यू पॅशन' पुन्हा ध्वनिमुद्रित केले, पूर्वीहून अधिक संथ. १५ फेब्रुवारी १९८१ रोजी म्युनिकमध्ये हृदयविकारानेच तो गेला, वयाच्या ५४ व्या वर्षी. त्याच वर्षी जोशुआ रिफकिन या अमेरिकन अभ्यासकाने मांडले, की बाखचा 'वृंद' म्हणजे बहुधा प्रत्येक आवाजाला एकच गायक!

मग रिश्टर चुकला का? बाखने कसे गाऊन घेतले, याबद्दल कदाचित चुकला. पण कागदाशी इमान आणि माणसांशी इमान, ही दोन वेगळी इमाने आहेत. दिवसभर कामाने शिणलेली माणसे संध्याकाळी एकत्र यावीत आणि त्यांनी अडीचशे वर्षांपूर्वीचे दुःख आपले म्हणून गावे, ही गोष्ट पुराव्याने खोटी ठरत नाही. संशोधन आपल्याला अधिक बरोबर करते, आणि ते व्हायलाच हवे. परंतु आदल्या पिढीचे सारे गैर होते असे मानायची घाई ज्ञानातून येत नाही, ती बहुधा फॅशनमधून येते. तो वृंद म्युनिकमध्ये आजही गातो, दुसऱ्या संचालकांच्या हाताखाली, अर्थातच दुसऱ्या पद्धतीने. लाइप्झिगची खुर्चीही रिकामी राहिली नाही. खुर्च्या रिकाम्या राहत नसतातच.

आमच्या एका शाखेत एक हेडकॅशियर होते. त्यांनी दोनदा बढती नाकारली. संध्याकाळी रोकड जुळली, तिजोरीला कुलूप लागले, की ते लगबगीने सायकल काढत. गावातल्या पंधरावीस पोरांना ते तबला शिकवत. "साहेब, एकदा येऊन ऐका," असे त्यांनी मला दोन-तीनदा म्हटले होते. मी तेव्हा पुढच्या मुलाखतीच्या तयारीत होतो. ती बढती मला मिळाली, बदलीही झाली. त्या पोरांचा तबला ऐकायचा मात्र राहून गेला.