खेळातल्या मुलीचा रंग

मुलगी तासभर कॉम्प्युटरसमोर बसून खेळातल्या बाईचं नाक ठरवते, केस बदलते, भुवया जाड-बारीक करते आणि खरा खेळ सुरूच करत नाही, म्हणून घरातली मोठी माणसं वैतागतात. "खेळायचं तर खेळ, नाहीतर ऊठ," हे वाक्य आमच्याही घरात ऐकू येतं. मला ते पटत नाही. त्या तासाभरात ती जे करते ते महत्त्वाचं आहे. त्यातही रंग निवडण्याचा भाग तर इतका महत्त्वाचा, की आपण मोठ्यांनी शेजारी खुर्ची ओढून तो बघावा.

मी सांगलीत नवरीचा मेकअप करते. लग्नसराईत पहाटेच मंगल कार्यालयाच्या वरच्या खोलीत माझी पेटी उघडलेली असते. त्वचा, रंग आणि उजेड यांच्याशी माझी रोजची गाठ. आणि माझी पुतणी 'द सिम्स ४' खेळते. या दोन गोष्टी एकत्र आल्या म्हणून हा लेख लिहायला बसले.

'द सिम्स' हा मूळचा अमेरिकेतला खेळ. विल राइट यांनी तो रचला आणि २००० साली तो बाजारात आला. यात कुणाला मारायचं नसतं, शर्यत जिंकायची नसते. माणसं घडवायची, त्यांना घर बांधून द्यायचं, नोकरीला पाठवायचं, जेवू घालायचं, त्यांची भांडणं आणि प्रेमं बघायची. चौथा भाग २०१४ मध्ये आला. ऑक्टोबर २०२२ पासून त्याचा मूळ खेळ फुकट झाला आणि असा तो आमच्या घरातल्या जुन्या लॅपटॉपवर पोचला. सुरुवातीलाच माणूस घडवायचा पडदा येतो. नाक माउसने धरून ओढलं की लांब होतं, गाल आत ढकलला की बसतो. आवाज, चाल, स्वभावाचे गुण, कपडे सगळं आपण ठरवायचं.

पुतणीने आधी स्वतःलाच घडवायला घेतलं. रंगाच्या पट्टीशी आली तेव्हा ती मनगट स्क्रीनला लावून जुळवत होती. मी म्हटलं, "मनगटाशी नको गं, जबड्याशी जुळव. मनगटाचा रंग फसवतो." मग तिने फोनमध्ये स्वतःचा चेहरा समोर धरला आणि एकेक चौकोन दाबून बघायला लागली. शेवटी एकावर थांबली आणि म्हणाली, "काकू, ही मीच आहे." तो चौकोन सावळा होता. पुतणी सावळीच आहे. खाली रंग थोडा फिका-गडद करायची सरकपट्टी होती, तिला तिने हातसुद्धा लावला नाही.

मी त्या पडद्याकडे बघतच राहिले, कारण तिथली मांडणी माझ्या कामाची होती. रंग गोऱ्यापासून काळ्यापर्यंत एकाच ओळीत उभे केलेले नव्हते. उबदार झाक, थंड झाक आणि मधली झाक असे गट पाडले होते. मेकअप शिकणाऱ्या मुलींच्या डोक्यात हे शिरायला महिने लागतात. दोन मुली सारख्याच सावळ्या दिसतात, पण एकीच्या कातडीत पिवळसर झाक असते, दुसरीच्या तांबूस. दोघींना एकच फाउंडेशन लावलं, तर एक खुलून दिसते आणि दुसरी राख फासल्यासारखी. लग्नाच्या बायोडेटात अजूनही 'वर्ण' असा रकाना असतो आणि त्यात गोरा, निमगोरा, गव्हाळ, सावळा यांपैकी एक शब्द लिहून काम भागवलं जातं. एका खेळाने माणसाच्या त्वचेकडे त्याहून किती बारकाईने पाहिलंय.

अर्थात त्याने ते आपण होऊन पाहिलं नाही. २०१४ मध्ये खेळ आला तेव्हा त्यात गडद रंग मोजकेच होते, आणि जे होते तेही खेळणाऱ्यांना राखाडी, डागाळलेले वाटत. माझ्या लेखी राखाडी दिसणं म्हणजे एकच : गडद त्वचा घडवताना कुणी गडद त्वचेकडे पाहिलेलं नाही, गोऱ्या रंगातच काळं मिसळलंय. खेळणाऱ्यांनी वर्षानुवर्षं तक्रारी केल्या. एक्समिरामिरा या नावाने ओळखल्या जाणाऱ्या अमिरा विर्डी यांनी तर स्वतःच गडद त्वचेचे रंग तयार करून 'मेलॅनिन पॅक' नावाने लोकांना दिले. पुढे डिसेंबर २०२० मध्ये शंभराहून अधिक नवे रंग मूळ खेळात आले, तेही सगळ्यांना फुकट, आणि त्या कामात विर्डी यांचा सल्ला कंपनीने घेतला होता. त्याच वेळी लिपस्टिक आणि आयशॅडोचा रंग, गडदपणा आणि दाटपणा बदलायची सोयही आली. गडद ओठांवर फिकी गुलाबी लिपस्टिक खडूसारखी दिसते, तिचा दाटपणा कमी करता आलाच पाहिजे. हे ज्याला कळलं त्याने खरे ओठ पाहिलेत.

म्हणजे खेळ निघाल्यापासून सहा वर्षं लागली. सावळी माणसं काही २०२० साली जगात आली नाहीत.

दुसऱ्या एका लोकप्रिय खेळाची हकिगत याहून बोलकी आहे. निन्टेन्डोचा 'ॲनिमल क्रॉसिंग' हाही असाच संथ, गावात राहायचा, फळं तोडायचा, मासे धरायचा खेळ. त्याच्या 'न्यू लीफ' या भागात, म्हणजे २०१२ मध्ये, त्वचेचा रंग निवडायची सोयच नव्हती. चेहरा गोराच मिळायचा. सावळं दिसायचं असेल, तर उन्हाळ्यात आपलं पात्र उन्हात हिंडवायचं, म्हणजे ते रापायचं. हातात छत्री दिली की रापणं बंद. ऊन संपलं की रंग परत उतरायचा. ज्यांची कातडी मुळातच सावळी, त्यांना आपल्यासारखं दिसण्यासाठी पात्राला असं उन्हात ठेवावं लागायचं. २०२० च्या 'न्यू होरायझन्स'मध्ये मात्र पहिल्याच पडद्यावर त्वचेचे रंग निवडायला ठेवले आणि विषय संपला. "उन्हात जाऊ नको, काळी पडशील" हे ऐकत वाढलेल्या कुठल्याही मराठी बाईला या छत्रीची गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही.

आता माझ्या खुर्चीकडे येते. मेकअपच्या ट्रायलला मुलगी येते. सोबत आई, मावशी, कधी होणारी नणंद. मुलगी टेकायच्या आत आई हळूच सांगते, "ताई, दोन शेड उजळ करा हं. फोटोत बरं दिसतं." मुलगी आरशात बघत असते, तिने ते ऐकलेलं असतं. दोन शेड उजळ केलं की काय होतं ते मला पाठ आहे. चेहरा पांढुरका, मान सावळी, मग मानेला लावा, मग पाठीला, मग मेंदीच्या हातांना. हळदीचा पिवळेपणा कातडीवर असतो, त्याच्यावर तो फिका बेस हिरवट मारतो. व्हिडिओवाल्याचा दिवा पडला की घामाच्या रेघा दिसायला लागतात. अल्बम करणारा वर आणखी उजेड वाढवतो. शेवटी जाड पानांच्या त्या महागड्या अल्बममध्ये जी बाई असते, तिला तिचं लहानगं पोर पुढे विचारतं, "ही कोण?"

मुलीच्या रंगात मेकअप केला तर काम सोपं आणि सुंदर होतं. सावळ्या कातडीवर सोन्याची झळाळी जशी उठते तशी फिक्या बेसवर उठत नाही. हिरवा चुडा, लाल कुंकू, मोत्याच्या मुंडावळ्या हे सगळं सावळ्या रंगावर असं उठून दिसतं, की फार काही करावंच लागत नाही. हे मी आयांना सांगते, हात धरून दाखवते, अर्धा चेहरा असा आणि अर्धा तसा करून दाखवते. काही ऐकतात. पण मुलीला मात्र खुर्चीत बसल्यावर कळलेलं असतं, की तिचा रंग ही सोडवायची अडचण आहे. खेळाच्या पडद्यावर तो डोळ्यांच्या रंगासारखाच एक पर्याय असतो. गोऱ्या चौकोनाला वेगळे गुण नाहीत, सावळ्याला नोकरी मिळायला उशीर लागत नाही, लग्न अडत नाही. असं जग बारा-चौदा वर्षांच्या मुलीला रोज घडीभर मिळत असेल, तर ते मला फार मोलाचं वाटतं.

फेब्रुवारी २०२४ मध्ये 'द सिम्स ४'मध्ये कोड आलं, त्वचेवरचे पांढरे डाग. विनी हार्लो या कॅनडाच्या मॉडेलला स्वतःला कोड आहे, तिच्या सहभागाने ते केलं गेलं. चेहऱ्यावर, हातांवर, पायांवर वेगवेगळ्या आकारांचे डाग निवडता येतात. आपल्याकडे कोड म्हटलं की स्थळ परत जातं. धाकट्या बहिणीचंही अडतं. माझ्याकडे एक नवरी आली होती, दोन्ही हातांवर कोपरापर्यंत डाग. नवऱ्याला सगळं माहीत होतं, त्याला काही वाटत नव्हतं. पण पाहुण्यांसमोर दिसू नये असा घरच्यांचा हट्ट होता. आम्ही थरावर थर देऊन हात झाकले. कन्यादानाला हातावर पाणी पडणार, म्हणून पाण्याने न निघणारं सगळं वापरलं. ती सबंध दिवस हात अंगापासून दूर धरून वावरली, शालूला लागू नये म्हणून. जेवतानासुद्धा. लग्नाच्या दिवशी मुलीने असं वागावं याचा मला आजही संताप येतो. आणि तिच्यासारखी एखादी लहान मुलगी आज खेळात स्वतःला डागांसकट घडवून, छानसा झगा घालून, हात मोकळे टाकून नाचवू शकते, हे मला साधं वाटत नाही.

यावर म्हणतील, की पडद्यावरच्या चौकोनांनी घरातला वर्णभेद थोडाच जाणार? नाही जाणार. काही मुली खेळातही स्वतःला गोरीच करतात, तेही मी पाहिलंय, आणि त्यांना मी दोष देत नाही. त्यांनी जे ऐकलं तेच त्या करणार. पण एकदा एखाद्या मुलीने आपला रंग स्वतः शोधून, जुळवून, पसंत करून निवडला, की पुढे मेकअपच्या खुर्चीत कुणी "दोन शेड उजळ" म्हटलं तर तिच्याकडे उत्तर असेल. ते उत्तर तिला घरी कुणी दिलेलं नसतं, शाळेतही नाही. त्वचेच्या क्रीमच्या जाहिरातींनी तर उलटंच शिकवलं. पंचेचाळीसेक वर्षं 'फेअर' हा शब्द मिरवणाऱ्या क्रीमने तो २०२० मध्ये नावातून काढला, डबीतल्या मालाचं गिऱ्हाईक मात्र तेच राहिलं.

खेळातही अजून पुष्कळ बाकी आहे. ऑक्टोबर २०२१ मध्ये 'द सिम्स ४'साठी 'फॅशन स्ट्रीट' नावाचं कपड्यांचं छोटं किट आलं, मुंबईच्या फॅशनवरून केलेलं, विकतचं. मुंबईत आझाद मैदानाजवळच्या खऱ्या फॅशन स्ट्रीटवर, त्या स्टॉलांच्या रांगेत कपड्यांसाठी हुज्जत घातलेल्या कुणालाही नाव वाचून आनंदच होईल, मलाही झाला. पण पुतणीला तिच्या पात्राला नऊवारी नेसवायची होती, ती काही कंपनीच्या खजिन्यात सापडली नाही. खेळातले कपडे शरीराला चिकटलेल्या जाळीसारखे असतात, खरं कापड सुटं लहरतं तसे ते लहरत नाहीत. म्हणून साडी अवघड, असं सांगतात. पण नऊवारीला तर कासोटा असतो! दोन पाय वेगळे, चालायला, धावायला, बसायला मोकळे. सहावारीच्या निऱ्यांपेक्षा ती खेळात बसवणं सोपं पडेल असं मला वाटतं, अवघड असेल तो पदर. खोपा, त्यावरची वेणी, डाव्या नाकपुडीतली नथ हेही पाहिजे. नाक ओढून मोठं केलं तर नथ त्याच्याबरोबर सरकली पाहिजे, ओठावर अधांतरी राहून चालणार नाही.

हे काम परदेशातल्या कंपनीनेच करावं असं कुठे आहे? पुण्यात गेम बनवणारी तरुण मुलं-मुली आहेत, चित्रं काढणारी, आकार घडवणारी, प्रोग्राम लिहिणारी. त्यांनी आपल्या माणसांचा, आपल्या वाड्यावस्त्यांचा असा जगण्याचा खेळ करायला घेतला तर फार बरं होईल. घेतलाच, तर रंगाच्या पट्टीचा पहिला चौकोन फिका ठेवू नका, मधल्या सावळ्यापासून सुरुवात करा आणि दोन्ही बाजूंना जा. रंग इंटरनेटवरच्या फोटोंवरून घेऊ नका, ते सगळे आधीच उजळलेले असतात. ऊसतोडीला जाणाऱ्या बाईचा, कोळणीचा, कोकणातल्या घाऱ्या डोळ्यांच्या माणसाचा, मेळघाटातल्या मुलीचा रंग दिवसाच्या उजेडात, खिडकीशी बसवून, जबड्याजवळ बघून घ्या. आणि चमूत एखादा रंगभूषाकार ठेवा. नाटकवाले आहेत, मालिकांत काम करणारे आहेत, आमच्यासारख्या नवरीचा मेकअप करणाऱ्या तर गावोगावी आहेत. पावसाळ्यात आम्हाला फारसं काम नसतं, तेव्हा बोलवा.