संकलकाची कात्री

चित्रपट परीक्षणात संकलनाच्या वाट्याला एकच ठरलेलं वाक्य येतं - "संकलकाची कात्री अजून चालायला हवी होती." झालं! जणू या माणसाचं काम फक्त कापणं.

मला या वाक्याचा राग येतो. आयुष्यभर मुलांचे निबंध तपासले मी. खाडाखोड कुणालाही जमते हो. कोणतं वाक्य कुठे ठेवलं की निबंध उभा राहतो, हे कळायला नजर लागते.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या रेणू सलुजांकडे ती होती. १९८३ साली त्यांनी संकलित केलेले दोन चित्रपट आले. 'जाने भी दो यारों'मधला महाभारताचा गोंधळ आठवा आणि 'अर्धसत्य'मधल्या वेलणकरची घुसमट आठवा. एकात हसू ओसरायच्या आत पुढची धांदल. दुसऱ्यात अपमान अंगात भिनेपर्यंत थांबणं. कात्री तीच, लय किती वेगळी!

पुढे 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर'साठी चार राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी त्या गेल्या. नटांचे संवाद तोंडपाठ असलेल्या किती रसिकांना हे नाव ठाऊक आहे?

"चांगलं संकलन दिसतच नाही," असं यावर ऐकवतात. अहो, व्याकरण तरी कुठे दिसतं? म्हणून वाक्य त्याच्यावाचून उभं राहतं का?

असो. पुढचा चित्रपट पाहाल तेव्हा संकलकाचं नाव तेवढं वाचा. आणि परीक्षण लिहिणाऱ्यांनो, ती कात्री आता खाली ठेवा.