आधीं स्वतःच्या देहावर

लोक अडाणी आहेत, म्हणून सांथीच्या दिवसांत त्यांच्यावर सक्तीच केली पाहिजे, असें आपल्या सुशिक्षित मंडळींत मोठ्या आत्मविश्वासानें बोललें जातें. २०२१ सालीं लस घेण्यास कचरणाऱ्यांविषयीं हेंच ऐकूं आलें. हें मत ज्यांना पटतें त्यांनीं एकदां परळच्या हाफकिन संस्थेसमोर उभें राहून विचार करावा.

वाल्देमार हाफकिन हे पदवीनें डॉक्टर नव्हते. ओडेसाचे प्राणिशास्त्रज्ञ होते. पटकीवरील लस त्यांनीं जुलै १८९२ मध्यें पॅरिस येथें प्रथम स्वतःस टोंचून घेतली, आणि मग ती घेऊन १८९३ सालीं ते कलकत्त्यास आले. १८९६ सालीं मुंबईंत प्लेगनें हाहाकार मांडला, तेव्हां ग्रँट मेडिकल कॉलेजांत त्यांनीं नवी लस सिद्ध केली. १० जानेवारी १८९७ रोजीं तिचा पहिला प्रयोगही स्वतःच्याच देहावर केला. पुढें भायखळ्याच्या तुरुंगांतील कैद्यांस ती टोंचली गेली. कैद्याची संमति कितपत स्वतंत्र असते, हा प्रश्न खटकतोच. परंतु त्यानंतर हजारों लोकांनीं ही लस आपण होऊन घेतली, हेंही विसरतां येत नाहीं.

त्याच वर्षीं पुण्यांत सोजिरांनीं घरांत शिरून झडत्या घेतल्या. परिणाम काय झाला? २२ जून रोजीं रँडवर गोळी झाडली गेली, आणि मार्च १८९८ मध्यें मुंबईंतही दंगा पेटला. मुलूख तोच, रोग तोच; फरक होता तो वागणुकींत.

आणि अज्ञान काय झोंपडींतच राहतें? १९०२ सालीं पंजाबांतील मलकोवाल गांवीं एकाच बाटलींतील लस टोंचलेले १९ इसम धनुर्वातानें मेले. दोष परळच्या प्रयोगशाळेवर ढकलून सरकारनें हाफकिन यांस दूर केलें. बाटली उघडतांना जमिनीवर पडलेला चिमटा नीट निर्जंतुक न करतां वापरला गेला होता, ही गोष्ट साक्षींत आली असतांही ते निर्दोष ठरण्यास १९०७ साल उजाडावें लागलें! शेतकरी सुईला भ्याला तें अडाणीपण. मग विद्वान अधिकाऱ्यांनीं पुरावा न तोलतां माणूस बळी दिला, त्यास काय म्हणावें?

१९२५ सालीं परळच्या संस्थेस हाफकिन यांचें नांव दिलें गेलें. नांव देणें सोपें आहे. आम्हीं घ्यावयाचा धडा कठीण आहे: दुसऱ्यास टोंचावयाची सुई आधीं आपणांस टोंचून घ्यावी, चुकलें तर पुरावा उघडा करावा, आणि मगच विश्वास मागावा. विश्वास हा दंडुक्यानें वसूल होणारा कर नव्हे.