छायालेखकाचा वाटा

दादासाहेब फाळके यांच्या नावाचा सन्मान 1969 साली सुरू झाला. तो केवळ छायालेखन करणाऱ्या माणसाच्या वाट्याला येण्यास चार दशके जावी लागली. 2008 सालचा हा पुरस्कार व्ही. के. मूर्ती यांना 2010 मध्ये देण्यात आला, तेव्हा त्यांचे वय 86 वर्षांचे होते. नितीन बोस यांचा आरंभही कॅमेऱ्यापासूनच झाला होता. पण त्यांना हा मान मिळाला तो मुख्यतः दिग्दर्शक म्हणून. वास्तविक फाळके हे स्वतः छायाचित्रणाच्या व्यवसायातून आलेले. ‘राजा हरिश्चंद्र’चे (1913) छायालेखन त्यांनी त्र्यंबक तेलंग यांच्या हाती सोपविले होते. या तेलंगांचे नाव आज किती जणांच्या स्मरणात आहे?

मूर्तींचा जन्म 1923 सालचा, म्हैसूरचा. बंगळूरच्या पॉलिटेक्निकमध्ये छायालेखनाचा रीतसर अभ्यासक्रम पुरा करून ते मुंबईस आले. ‘बाजी’च्या (1951) वेळी ते दुय्यम कॅमेरामन होते. त्या चित्रपटातील एका अवघड शॉटची कल्पना त्यांनी सुचविली आणि स्वतःच तो घेऊन दाखविला. दिग्दर्शक गुरुदत्त इतके प्रसन्न झाले की ‘जाल’पासून (1952) कॅमेरा मूर्तींकडे आला. ‘आरपार’, ‘प्यासा’, ‘कागज के फूल’, ‘साहिब बीबी और गुलाम’ ही मालिका सर्वांना ठाऊक आहे. ठाऊक आहे ती गुरुदत्तांची म्हणून, एवढाच फरक.

‘कागज के फूल’ (1959) हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. ओसाड स्टुडिओच्या अंधारात वरून प्रकाशाचा एक झोत खाली उतरतो, धुळीचे कण त्यात तरंगतात आणि दोन माणसांमधले अंतर शब्दावाचून कळते. हा परिणाम साधण्यासाठी मूर्तींनी महागडी यंत्रे मागविली नाहीत. स्टुडिओबाहेर एक मोठा आरसा उभा केला, त्यावरचे ऊन आत उंचावर ठेवलेल्या दुसऱ्या आरशावर पाडले आणि तेथून ते खाली वळविले. दोन आरसे आणि फुकटचे ऊन! भांडवलाची जागा बुद्धी कशी घेते, याचे याहून चांगले उदाहरण अर्थशास्त्राच्या क्रमिक पुस्तकातही सापडणे कठीण. चित्रपट मात्र तिकीट-खिडकीवर कोसळला आणि त्यानंतर गुरुदत्तांनी दिग्दर्शक म्हणून आपले नाव कधीच दिले नाही. छायालेखनाबद्दल मूर्तींना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, ‘साहिब बीबी’साठी ते पुन्हा मिळाले. 1964 मध्ये गुरुदत्त गेले. मूर्ती पुढेही प्रमोद चक्रवर्तींसारख्यांच्या धंदेवाईक चित्रपटांत काम करीत राहिले. पोटासाठी काम करणाऱ्याला ‘प्यासा’ दर वर्षी मिळत नसतो. 2014 साली बंगळूर येथे त्यांचे निधन झाले.

सन्मानाची गोष्ट येथे संपते. प्रश्न मोबदल्याचा आहे. चित्रपट हे अनेकांच्या श्रमाचे संयुक्त फळ असते. त्यात अमुक रुपये नटीच्या चेहऱ्याचे आणि तमुक त्या चेहऱ्यावरील प्रकाशाचे, असा हिशेब मांडता येत नाही. जेथे हिशेब मांडता येत नाही तेथे वाटणी सौदाशक्तीवर ठरते आणि तंत्रज्ञाची ती शक्ती नेहमीच तोकडी असते. एकदा ठरलेली रक्कम हाती पडली की त्याचा संबंध तुटला. मग तोच चित्रपट दूरदर्शनवर, व्हिडिओवर, मोबाइलच्या पडद्यावर कितीही वेळा विकला जावो.

कायद्याची गंमत अशी की, 1957 च्या कॉपीराइट अधिनियमानुसार साध्या छायाचित्राचा कर्ता म्हणजे ते घेणारी व्यक्ती. (मालकी कराराने दुसऱ्याकडे जाऊ शकते, कर्तेपण त्याचेच.) पण त्याच माणसाने सेकंदाला चोवीस छायाचित्रे घेतली की कर्ता ठरतो निर्माता! ज्या वर्षी हा कायदा झाला त्याच वर्षी ‘प्यासा’ पडद्यावर आला होता. 2012 च्या दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांना चित्रपटगृहाबाहेरील वापरावर मानधनाचा वाटा मिळाला. छायालेखक मात्र होता तेथेच राहिला. ‘मुघल-ए-आझम’ 2004 मध्ये रंगीत करून पुन्हा प्रदर्शित झाला, तेव्हा त्याच्या प्रकाशयोजनेचे शिल्पकार आर. डी. माथुर यांची संमती घेण्याचे कोणतेही बंधन कायद्याने घातलेले नव्हते.

जोखीम निर्मात्याची असते, हा आक्षेप पोकळ नाही. ‘कागज के फूल’ हाच त्याचा पुरावा. परंतु मानधनाचा वाटा उत्पन्न झाले तरच द्यावयाचा असतो. तोट्यात गेलेल्या निर्मात्यावर त्याचा भार पडत नाही. उद्या संकलक आणि ध्वनिमुद्रकही हेच मागतील, असे म्हटले जाईल. मागू द्यावे. गीतकारांनी मागितले तेव्हाही चित्रपटधंदा बुडेल अशी भीती घातली गेलीच होती आणि तो बुडालेला नाही.

दुरुस्तीस विलंब लावण्यात एक सोय मात्र दडलेली आहे. चित्रपटावरील हक्क प्रदर्शनाच्या पुढील वर्षापासून साठ वर्षे टिकतो. ‘प्यासा’वरील हक्क 2017 अखेर संपला, ‘कागज के फूल’वरील 2019 अखेर. मूर्तींनीच चित्रित केलेल्या ‘जुगनू’वरील (1973) हक्क 2033 अखेरपर्यंत आहे.