एकतीस नंबरचा सदरा



आमच्या गावच्या चावडीच्या भिंतीत एक संगमरवरी पाटी आहे. १९१४ ते १९१९ च्या महायुद्धात या गावचे किती गडी गेले आणि त्यांतले किती परत आले नाहीत, एवढेच तिच्यावर कोरले आहे. नावे नाहीत, नुसते आकडे. सातारा, कोल्हापूर, कोकणपट्टीकडच्या पुष्कळ गावांत अशी पाटी तुम्हाला दिसेल. जो परत आला नाही त्याच्या बायकोने पुढे कसे दिवस काढले, त्याच्या पोराला कोणी वाढवले, हे काही ती पाटी सांगत नाही. म्हणून आज अशाच एका पोराची आणि त्याच्या बापाची गोष्ट सांगतो. माणसे दूरदेशीची आहेत, पण गोष्ट आपल्या ओळखीची वाटेल.

ऑस्ट्रेलियात व्हिक्टोरिया नावाचा प्रांत आहे. तिथे लोकांना एका खेळाचे विलक्षण वेड. त्यालाही फुटबॉलच म्हणतात, पण आपण पाहतो तो हा नव्हे. मैदान क्रिकेटचेच, लंबगोल आणि अफाट. एका बाजूला अठरा गडी. चेंडू नारळासारखा लांबट. पायाने मारायचा, हाताने पकडायचा. हातात घेऊन पळायचे तर थोड्या थोड्या अंतरावर तो जमिनीवर आपटून पुन्हा झेलावा लागतो. दोन्ही टोकांना चार चार खांब. मधल्या दोहोंतून चेंडू मारला की सहा गुण, बाजूच्या खांबांमधून गेला तर एक. अंगाला अंग भिडते, गडी एकमेकांच्या खांद्यावर चढून चेंडू झेलतात. मेलबर्न शहरात १८५९ साली या खेळाचे नियम लिहिले गेले आणि तेव्हापासून तिथल्या खेडोपाडी हिवाळा म्हणजे फुटबॉल, हे ठरून गेले.

त्याच प्रांतात कॅसलमेन गावाजवळ गिल्डफर्ड नावाचे खेडे आहे. सोने सापडले म्हणून शे-पावणेदोनशे वर्षांपूर्वी जगभरची माणसे त्या मुलखात आली. स्वित्झर्लंडच्या इटालियन बोलणाऱ्या डोंगराळ भागातूनही बरीच कुटुंबे आली. सोने काही सगळ्यांच्या नशिबी नव्हते. मग त्यांतल्या कितीकांनी कुदळ ठेवून नांगर धरला आणि तिथेच मुळे रोवली. बरासी हे अशाच घराण्याचे नाव. या घरातला रॉन बरासी फुटबॉलमध्ये तरबेज निघाला आणि १९३६ साली थेट मेलबर्नच्या नामांकित संघात खेळू लागला. त्याच वर्षी २७ फेब्रुवारीला त्याला मुलगा झाला. मुलाचेही नाव रॉनच ठेवले. आपण एकाला थोरला आणि दुसऱ्याला धाकटा म्हणू.

थोरल्याच्या सदऱ्यावर आकडा होता एकतीस. पाच हंगामांत तो पन्नासहून अधिक सामने खेळला. १९४० च्या सप्टेंबरात मेलबर्नने रिचमंड संघाला ३९ गुणांनी हरवून अजिंक्यपद मिळवले, त्या विजयी चमूत थोरला होता. पण तोवर युद्ध पेटून वर्ष झाले होते. संघातले गडी एकेक करून फौजेत नाव घालू लागले. थोरलाही गेला.

त्याची रवानगी झाली उत्तर आफ्रिकेत, लिबियातल्या टोब्रुक बंदरावर. एप्रिल १९४१ मध्ये जर्मन आणि इटालियन फौजांनी या बंदराला जमिनीच्या बाजूने वेढा घातला. आत मुख्यतः ऑस्ट्रेलियन शिपाई. वर ऊन, खाली खडक आणि धूळ, पाणी खारट आणि तेही मोजून. दाणागोटा आणि दारूगोळा रात्रीच्या अंधारात समुद्रातून यायचा. माणसे दिवसभर बिळांत आणि चरांत राहत. शत्रूने रेडिओवरून त्यांना ‘उंदीर’ म्हणून हिणवले, तर या गड्यांनी तेच नाव बिरुदासारखे मिरवले. दैवाची गंमत अशी, की ज्याच्या वाडवडिलांची भाषा इटालियन, तो थोरला रॉन इटालियन फौजेसमोर उभा होता.

३१ जुलै १९४१ रोजी टोब्रुकमध्ये तो कामी आला. वय अवघे सत्तावीस. तिथल्याच युद्धस्मशानात त्याला मूठमाती मिळाली.

टोब्रुक हे नाव आपल्याकडच्याही काही घरांत म्हाताऱ्या माणसांना ठाऊक होते. पहिला वेढा वर्षअखेर उठला, पण जून १९४२ मध्ये शत्रूने पुन्हा चढाई करून बंदर घेतले. तेव्हा आत मराठा पलटण होती, पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची दुसरी बटालियन. हजारो शिपाई कैद झाले, त्यांत आपल्याकडचे शेतकऱ्यांचे पोरही होते. वाळवंटाने कोणाचा मुलूख विचारला नाही.

आता मागे राहिलेल्यांकडे वळू. धाकटा तेव्हा पाच वर्षांचा. आई एल्झाला पोटासाठी मेलबर्नमध्ये नोकरी धरणे भाग होते. पोर गेले गिल्डफर्डला, आजोबांच्या घरी. तिथल्या शेतात, गुरांत, मातीत ते वाढले. पुढे ते आईजवळ शहरात आले. बापाचा चेहरा त्याला कितीसा आठवत असणार! पण बापाच्या जुन्या सवंगड्यांना पोराचा विसर पडला नव्हता. ‘तू मोठा होऊन आमच्याकडेच खेळायचे,’ ही त्यांची मनोमन गाठ.

अडचण एकच. त्या काळी पोराने कोणत्या संघात खेळायचे हे तो राहतो त्या पेठेवर ठरे. धाकट्याचे घर दुसऱ्या संघाच्या हद्दीत. मेलबर्नच्या मंडळींनी लकडा लावला, की बाप ज्या संघातून खेळला त्या संघावर मुलाचा हक्क असावा. तसा नियम झाला आणि धाकटा बापाच्या संघात आला. ‘बाप-लेकाचा नियम’ म्हणून तो आजही त्या खेळात चालतो. त्याच्या अटी बदलत गेल्या, आणि आता मुलींच्या सामन्यांतही बापाच्या संघात लेकीला तशीच वाट आहे.

पुढची गोष्ट मला त्याहून मोलाची वाटते. नॉर्म स्मिथ हा थोरल्याबरोबर खेळलेला गडी. आता तो मेलबर्न संघाचा वस्ताद झाला होता. धाकट्याच्या आईचे बिऱ्हाड टास्मानियाला जायचे ठरले, तेव्हा सोळा-सतरा वर्षांचे पोर कुठे राहणार हा प्रश्न आला. नॉर्मने आणि त्याच्या बायकोने त्याला आपल्या घरी आणले, परसातल्या खोलीत राहायला जागा दिली आणि आपल्या ताटातला घास दिला. वस्ताद मोठा कडक. मेलेल्या मित्राचा मुलगा म्हणून मैदानावर लाड नाहीत.

१९५३ साली सतरा वर्षांचा धाकटा मैदानात उतरला. अंगात सदरा बापाचाच, एकतीस नंबरचा. या संघातून त्याने सहा अजिंक्यपदे पाहिली: १९५५, ५६, ५७, ५९, ६० आणि ६४. शेवटच्या दोन्ही वेळा तो कप्तान होता. पुढे स्वतः वस्ताद होऊन त्याने दुसऱ्या दोन संघांना मिळून आणखी चार अजिंक्यपदे मिळवून दिली. १९७० च्या अंतिम सामन्यात त्याचा कार्लटन संघ अर्ध्या वेळेला ४४ गुणांनी मागे होता. लोक घरची वाट धरायच्या बेतात होते. त्याने गड्यांना खेळाची तऱ्हाच बदलायला लावली आणि सामना १० गुणांनी जिंकला. सप्टेंबर २०२३ मध्ये, ८७ वर्षांचे भरले आयुष्य जगून तो गेला. बापाच्या वाट्याला आली त्याच्या तिप्पट वर्षे त्याला मिळाली.

१९४० च्या त्या विजयी संघातले आणखी तिघे युद्धात गेले: हॅरॉल्ड बॉल, ‘ब्लूई’ ट्रस्कॉट आणि सिड अँडरसन. मेलबर्न संघ दर वर्षी आपल्या उत्तम खेळाडूंना या मेलेल्या सवंगड्यांच्या नावाने बक्षिसे देतो. नाव ठेवायची ही रीत चांगलीच आहे. पण मला विचाराल, तर थोरल्या रॉनचे खरे स्मारक ती परसातली खोली.

मंडळी, आपल्याकडे कर्ता माणूस गेला की दारात गर्दी मावत नाही. तेराव्यापर्यंत सगळे येतात. चौदाव्या दिवशी अंगणात ती बाई आणि तिची पोरे एवढीच उरतात. मग पेरणी येते, शाळेची फी येते, पोराच्या अंगाला सदरा तोकडा होतो. कोणी सीमेवर गेलेला असतो, कोणी कर्जाच्या ओझ्याने, कोणी नुसत्या पानाने लागून. कारण काही असो, पोर मागे राहते.

तुमच्या गावातही असे एखादे पोर असेल. त्याच्या बापाबरोबर तुम्ही बैलगाडीतून जत्रेला गेला असाल, एका तालमीत लंगोट बांधला असेल, पाण्याच्या पाळीसाठी रात्री एका बांधावर बसला असाल. त्या पोराला बापाची गोष्ट सांगणारे आता तुम्हीच. यंदा पेरणीच्या वेळी तुमचे औत आधी त्यांच्या रानात घाला. सुट्टीत पोराला चार दिवस आपल्या घरी बोलवा, आणि आपल्या पोरांच्या पंगतीतच जेवायला बसवा.

चावडीवरच्या पाटीत जे कोरलेले नाही, ते गावाने असे लिहायचे असते.