पाळी लांबते? गप्प बसू नका



उसाच्या पानावर तांबेरा दिसला, की आपल्या सोनईचा शेतकरी लगेच सल्ला विचारायला येतो. मुलीची पाळी दोन-दोन महिने लांबली, तर मात्र घरात नुसती कुजबुज होते.

पुष्कळदा यामागे ‘पीसीओएस’ हा विकार असतो. अंडाशयातील बीज वेळेवर पक्व होत नाही. पाळी चुकते, चेहऱ्यावर केस व मुरुमे येतात, कित्येकींचे वजन वाढते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने मूल होण्याच्या वयातील शंभरांत दहा ते तेरा स्त्रियांना तो असतो. पुष्कळजणींना त्याचा पत्ताच नसतो. मुंबईच्या राष्ट्रीय प्रजनन आरोग्य संशोधन संस्थेची मुंबईतील १५ ते २४ वर्षांच्या मुलींची पाहणी २०१४ साली प्रसिद्ध झाली. त्यात एका निकषाने २२.५ टक्के, तर अधिक कडक निकषाने १०.७ टक्के मुलींत हा विकार आढळला. म्हणजे दहांत एक तरी!

तेव्हा लेकी-सुनांना बोल लावू नका. पाळी सुरू होऊन तीन वर्षे झाल्यावरही ती वरचेवर ३५ दिवसांपलीकडे जात असेल, तर डॉक्टरांना दाखवा. रक्तातील साखरही तपासा. पुढे मधुमेहाचा धोका असतो. चालणे-फिरणे आणि बेताचा आहार यांनी फरक पडतो. उपचाराने बहुतेकींची कूसही उजवते.